देवगडात तिकीट लावून नाटक : एका प्रयोगाचा हिशेब

देवगड तालुक्यात जामसंडे येथे माझे पाइप, पंप आणि फवारणीच्या साधनांचे दुकान आहे. गुरुवार, २३ जानेवारी २०२५ रोजी आमच्या भागातल्या एका शाळेच्या मैदानावर मुंबईच्या एका व्यावसायिक नाटकाचा प्रयोग मी ठोक रकमेच्या करारावर, म्हणजे तिकिटे किती खपतात यावर अवलंबून न राहता ठरलेली रक्कम संस्थेला देण्याच्या बोलीवर, लावला. त्यासाठी एकूण ३,३०,२०० रुपये खर्च झाला. हे सगळे करण्यापूर्वी ज्यांना ज्यांना विचारले, त्यांपैकी काहींनी "नाटकात पैसे घालू नयेत" एवढेच सांगितले आणि काहींनी "हौसेला मोल नसते" असे म्हणून धीर दिला. आकडे मात्र कोणीच दिले नाहीत. छोट्या गावात असा प्रयोग लावण्याचा विचार करणाऱ्या पुढच्या माणसाला निदान आकडे आणि कागदपत्रे यांची कल्पना असावी, म्हणून घडले तसे क्रमाने लिहीत आहे.

आमचा जिल्हा नाटकवेडा आहे, हे नव्याने सांगायला नको. मालवणच्या नाट्यगृहाला मामा वरेरकरांचे नाव आहे, आणि मच्छिंद्र कांबळी यांनी मालवणी बोली व्यावसायिक रंगभूमीवर नेऊन घरोघरी पोहोचवली. पण आमच्याकडचा बहुतेक प्रेक्षक घडला तो जत्रेतल्या दशावतारावर, आणि तो दशावतार बघायला पैसे लागत नाहीत. त्याचा खर्च देवस्थान, मानकरी किंवा नवस फेडणारे कुटुंब उचलते. आपण गोधडी घेऊन जायचे आणि पहाटेपर्यंत बसायचे. त्यामुळे नाटकाची ओढ भरपूर असली, तरी नाटकासाठी खिशात हात घालण्याची सवय कमी आहे. दुसरीकडे माझ्या ओळखीच्या अनेक कुटुंबांना मुंबईचे नाटक पाहायचे झाले तर कणकवली, कुडाळ किंवा मालवण गाठावे लागते, रात्री परतायला एसटी नसते, आणि घरातल्या वयस्कर बायका मग ओट्यावर बसून इतरांनी सांगितलेली गोष्ट ऐकतात. माझी आई अशीच ऐकत आली. देणगी, आमदार निधी किंवा मंडळाची वर्गणी यांच्या आधाराशिवाय, तिकीट लावून आमच्या गावात नाटक उभे राहू शकते का, हे मला खरोखर जाणून घ्यायचे होते.

माझा स्वभाव जपून चालण्याचा आहे. दुकानात उधारीची मर्यादा ठरलेली असते आणि ती कोणासाठी मोडत नाही. आमच्याकडे पुष्कळ व्यापारी हंगामाआधी कराराने आंब्याच्या बागा घेतात. मोहोर पाहून रक्कम ठरवायची आणि पुढे थंडी, ढग, तुडतुडे यांच्या भरवशावर राहायचे. त्या वाटेला मी कधी गेलो नाही. म्हणून दुकानातले भागीदार असलेल्या माझ्या थोरल्या भावाला जेव्हा मी हा बेत सांगितला, तेव्हा ते चकित होणे स्वाभाविक होते. "नाटकाक पैसे घालतलंस? मगे लोक इलेच नाय तर?" असे त्यांनी विचारले. प्रश्न अगदी बरोबर होता. पाइप आज विकला गेला नाही तर गोदामात राहतो आणि उद्या विकला जातो; तिसऱ्या घंटेला रिकामी राहिलेली खुर्ची मात्र कायमची गेली. दादांना मी एवढेच सांगितले की, या प्रश्नाचे उत्तर कागदावर मांडल्याशिवाय एक रुपयाही देणार नाही.

चौकशीला सुरुवात केली ती सप्टेंबर २०२४ मध्ये, गणपती झाल्यावर. त्या वर्षी गणेश चतुर्थी ७ सप्टेंबरला होती आणि माझा मुंबईचा मावसभाऊ घरी आलेला होता. त्याच्या ओळखीतून एका नाट्यसंस्थेच्या व्यवस्थापकांचा नंबर मिळाला. त्यांच्याशी बोलताना या धंद्यातले पहिले गणित कळले. मुंबईहून निघालेली नाटकाची बस एका प्रयोगासाठी कोकणात येत नाही. चिपळूण, रत्नागिरी, कणकवली, कुडाळ, सावंतवाडी आणि पुढे गोवा असा दौरा आखला जातो. शनिवार-रविवार मोठ्या गावांना जातात. दोन मोठ्या प्रयोगांच्या मधला वार रिकामा राहिला, तर त्या दिवशी कलाकार आणि तंत्रज्ञ यांचा मुक्काम-जेवणाचा खर्च संस्थेच्या अंगावर पडतो. त्यामुळे अशी मधली तारीख घेणाऱ्याला रक्कम कमी सांगितली जाते. शनिवारसाठी मला १,७५,००० रुपये सांगितले होते. गुरुवारसाठी तेच नाटक १,४०,००० रुपयांना ठरले. छोट्या गावात शनिवार आणि गुरुवार यांत प्रेक्षकांच्या दृष्टीने फारसा फरक पडत नाही, कारण सकाळी लोकल पकडायची नसते. पस्तीस हजारांची ही बचत पुढे फार मोलाची ठरली.

नाटक निवडतानाही मी दोन गोष्टी पाहिल्या. ते दोन अंकी कौटुंबिक नाटक होते, आणि त्यात एकच नेपथ्य व सहा पात्रे होती. मैदानावर फिरता रंगमंच नसतो, विंगा अरुंद असतात, वरून पडदे सोडायला जागा नसते. अशा ठिकाणी सतत नेपथ्य बदलणारे नाटक आणले तर प्रेक्षकांचा आणि कलाकारांचा दोघांचाही विरस होतो. मी कणकवलीला जाऊन ते नाटक स्वतः पाहिले नव्हते, पण मावसभाऊ आणि त्याची पत्नी मुंबईत पाहून आले आणि त्यांनी संवाद किती बारीक आवाजात आहेत, अंधाराचे प्रवेश किती आहेत, हेही मला सांगितले. उघड्या मैदानावर हलक्या आवाजातले प्रवेश वाऱ्यात हरवतात, ही काळजी मला पहिल्यापासून होती.

त्यानंतर हिशेब मांडला. ९०० खुर्च्या धरल्या : ५०० रुपयांच्या २५०, ३५० रुपयांच्या ३५० आणि २०० रुपयांच्या ३००. सगळ्या भरल्या तरी ३,०७,५०० रुपयेच होत होते आणि खर्च तीन लाख तीस हजारांच्या घरात जात होता. म्हणजे पूर्ण मैदान भरूनही तूट होती. तिकिटाचा दर वाढवावा तर ५०० रुपयांची एक रेषा आडवी येते : नाटकाच्या प्रवेशाचे शुल्क माणशी ५०० रुपयांपर्यंत असेल तर त्यावर जीएसटी लागत नाही, त्यापुढे गेले की लागतो. आणि खरे सांगायचे तर ५०० हाच आकडा आमच्याकडे जड होता. म्हणून जाहिरातदारांकडून ८०,००० रुपये उभे करायचे ठरवले. आमच्या सीएंनी येथे दोन सूचना केल्या, ज्या प्रत्येकाने लक्षात ठेवाव्यात. पहिली, माझ्यासारख्या नोंदणीकृत व्यापाऱ्याने जाहिरातीपोटी घेतलेल्या रकमेवर जीएसटी आकारावाच लागतो, तिकिटाची सूट तेथे चालत नाही. दुसरी, तिकिटे करमुक्त असल्यामुळे त्यांच्यासाठी केलेल्या खर्चावर भरलेल्या जीएसटीची वजावट मिळत नाही. नाट्यसंस्थेच्या १,४०,००० वर १८ टक्क्यांप्रमाणे २५,२०० रुपये कर होता. वजावटीची आशा न धरता तो मी पूर्ण खर्चातच धरला. कोणतीही रक्कम ठरवताना "जीएसटीसह की वगळून" हा प्रश्न पहिल्याच फोनवर विचारावा.

मग सर्वांत वाईट काय होईल, हे पाहिले. जाहिराती मिळाल्या आणि तिकिटे मात्र चाळीस टक्केच खपली, तर सव्वा लाखापेक्षा थोडे अधिक नुकसान होत होते. मी दीड लाखाची सीमा ठरवली, तेवढी रक्कम घरच्या बचतीतून काढून वेगळ्या चालू खात्यात टाकली आणि दुकानाच्या खेळत्या भांडवलाला हात लावणार नाही, असे दादांना लिहून दिले. पत्नीने तो कागद वाचला आणि विचारले, "हे दीड लाख गेले तर तुम्ही वर्षभर तोंड पाडून बसणार नाही ना?" रात्री मी त्याचा विचार केला. गेले तर वाईट वाटेल, पण मुलीच्या शिक्षणाला किंवा दुकानाला धक्का लागणार नाही, असे उत्तर स्वतःशी पक्के झाल्यावरच मी ४०,००० रुपयांचा बयाणा पाठवला. हा टप्पा कोणी गाळू नये. सीमा आधी ठरलेली असल्यामुळेच पुढच्या चार महिन्यांत मला निर्णय घेता आले.

करारपत्र दोन पानांचे होते. त्यात मी काही कलमे घालून घेतली. प्रमुख कलाकारांची नावे आणि त्यांच्यापैकी कोणी आजारी पडल्यास काय करायचे, संस्थेकडून प्रयोग रद्द झाल्यास बयाणा किती दिवसांत परत मिळेल, शासकीय आदेश, दुखवटा किंवा अवकाळी पाऊस यांमुळे प्रयोग न झाल्यास तारीख पुढे ढकलली जाईल का, प्रकाशयोजनेचे साहित्य कोणाचे, आणि मुक्काम-जेवण किती माणसांचे. शेवटचे कलम फार महत्त्वाचे आहे. रंगमंचावर सहा माणसे दिसतात. बसमधून सतरा उतरतात. नेपथ्य लावणारे, प्रकाश, संगीत, रंगभूषा, वेशभूषा, चालक, व्यवस्थापक या सर्वांना जेवण आणि झोप लागते. त्या मुक्कामाचे २२,००० रुपये झाले.

परवान्यांच्या वाटेवर पहिला थांबा निवडणुकीचा आला. विधानसभेची आचारसंहिता १५ ऑक्टोबर २०२४ रोजी लागली, मतदान २० नोव्हेंबरला आणि मतमोजणी २३ नोव्हेंबरला होती. या काळात कार्यालयातली माणसे निवडणुकीच्या कामात असतात आणि मैदानेही त्याच कामासाठी राखली जातात. नगरपंचायतीतल्या लिपिकांनी मला सरळ सल्ला दिला की अर्ज आता देऊ नका, निकालानंतर द्या. तो मी मानला. दिवाळी आणि तुळशीचे लग्न याच काळात होऊन गेले. या सक्तीच्या थांब्यात मी एक उपयोगी काम केले : आसपासच्या गावांच्या जत्रांच्या तारखा गोळा केल्या. जत्रेच्या रात्री दशावतार असतो, आणि त्या गावातले एकही माणूस दुसरीकडे तिकीट काढून येणार नाही. २३ जानेवारीला जवळपास जत्रा नव्हती. फेब्रुवारी टाळण्याचे कारणही पक्के होते; बारावीची परीक्षा ११ फेब्रुवारीपासून होती, त्यामुळे शाळेचे मैदान मिळाले नसते आणि ध्वनिक्षेपक लावणे योग्यही झाले नसते, आणि महिन्याच्या अखेरीस, २६ तारखेला, महाशिवरात्रीची कुणकेश्वरची यात्रा होती. मार्चपासून बागायतदार आंब्याच्या पेटीच्या मागे लागतात. जानेवारीत मात्र त्यांचे पैसे फवारणीत गुंतलेले असतात आणि हाती रोकड कमी असते, ही अडचण उरतेच. पूर्णपणे सोयीची तारीख कोकणात मिळत नाही.

नोव्हेंबरच्या अखेरीस अर्ज द्यायला सुरुवात केली. शाळेच्या संस्थेचे संमतिपत्र, नगरपंचायतीचा ना हरकत दाखला, पोलीस ठाण्याचा ना हरकत दाखला, ध्वनिक्षेपकाची परवानगी, तात्पुरत्या वीजजोडणीचा अर्ज आणि त्यासोबत परवानाधारक वीज कंत्राटदाराचा चाचणी अहवाल, मंडप भक्कम असल्याचा दाखला, अग्निशामक साधनांची यादी, आणि या सगळ्यांसह तहसील कार्यालयात कार्यक्रमाच्या परवानगीचा अर्ज. नाटकाच्या संहितेला रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचे प्रमाणपत्र असते. त्याची प्रत नाट्यसंस्थेने ईमेलने पाठवली आणि ती प्रत्येक ठिकाणी मागितली गेली, त्यामुळे तिच्या पुष्कळ छायाप्रती काढून ठेवाव्यात. कागदांचा क्रम तालुक्यातालुक्यात वेगळा असू शकतो. एका टेबलावर दुसऱ्या टेबलाचा दाखला आधी मागतात, आणि त्या दुसऱ्या टेबलावर पहिल्याचा. यावर मला उपयोगी पडलेला उपाय असा की, प्रत्येक अर्जाची पोच घ्यायची आणि "सदर दाखल्यासाठी अमुक तारखेस अर्ज सादर केला आहे" असे लिहून ती पोच पुढच्या अर्जाला जोडायची. पोच पाहिल्यावर बहुतेक अधिकारी आपले काम पुढे सरकवतात. शेवटची परवानगी हाती पडली ती प्रयोगाच्या आठवड्यात, सोमवारी संध्याकाळी. तोपर्यंत तिकिटे विकली जात होती आणि तो काळ मनावर फार ताण देणारा होता. कोणीही मुद्दाम अडवले नाही, एवढे येथे नमूद करणे मला आवश्यक वाटते.

वेळेचा प्रश्न मात्र वेगळाच निघाला. आमच्याकडे नाटक म्हणजे जेवून-खाऊन रात्री दहाला सुरू होणारी गोष्ट. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांनुसार उघड्या जागी रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत ध्वनिक्षेपक वापरता येत नाही. वर्षातले काही मोजके दिवस सवलतीचे असतात, पण आमचा गुरुवार त्यांत नव्हता. प्रयोग मध्यंतरासह पावणेतीन तासांचा. म्हणजे सातला पडदा उघडलाच पाहिजे. त्याआधी उघडता येत नाही, कारण जानेवारीत साडेसहाच्या सुमारास सूर्य मावळतो आणि उजेड असेपर्यंत प्रकाशयोजना दिसत नाही. एवढी चिंचोळी वेळ होती. म्हणून तिकिटावर, फलकावर आणि रिक्षावरच्या घोषणेत "बरोबर ७ वाजता" हे शब्द सर्वांत मोठे ठेवले, आणि दुकानदार मित्रांना त्या दिवशी सहाला दुकाने बंद करण्याची विनंती केली.

तिकीटविक्री २७ डिसेंबरला सुरू होणार होती. आदल्या रात्री डॉ. मनमोहन सिंग यांच्या निधनाची बातमी आली आणि सात दिवसांचा राष्ट्रीय दुखवटा जाहीर झाला. आमचा कार्यक्रम खासगी आणि महिनाभर पुढचा असला, तरी त्या दिवसांत रिक्षा फिरवून नाटकाची जाहिरात करणे मला बरे वाटले नाही. विक्री २ जानेवारीला सुरू केली. करारातले दुखवट्याचे कलम तेव्हा मी पुन्हा काढून वाचले.

तिकिटे अनुक्रमांकासह छापली होती, स्थळप्रतीवर खुर्चीचा क्रमांक होता आणि प्रत्येक पुस्तकावर माझी सही. माझे दुकान, एक औषधांचे दुकान, बंदराजवळचे एक हॉटेल आणि तळेबाजारातले एक किराणा दुकान येथे खुर्च्यांचा नकाशा, म्हणजे ज्याला नाटकवाले प्लॅन म्हणतात तो, भिंतीवर लावला. प्रत्येक ठिकाणी वेगळ्या रांगा दिल्या, म्हणजे एकच खुर्ची दोघांना जाण्याचा प्रश्न उरत नाही. रोज रात्री चारही ठिकाणची विक्री वहीत उतरवायची आणि क्यूआर कोडवरून आलेले पैसे त्याच वेगळ्या खात्यात जमा झाल्याचे पाहायचे, असा नेम ठेवला. २०० रुपयांची तिकिटे लगेच खपू लागली. ५०० ची हलत नव्हती. १२ जानेवारीच्या रात्री वहीत एकूण विक्री एक तृतीयांशाच्या आतच होती, आणि त्याच आठवड्यात ४०,००० रुपयांची जाहिरात देण्याचे कबूल केलेल्या एका मोठ्या जाहिरातदाराने यंदा जमत नसल्याचे कळवले. त्यांनी तोंडी शब्द दिला होता, लेखी काही नव्हते. त्या रात्री मला झोप लागली नाही. पहाटे उठून मी पुन्हा आकडे मांडले : ही जाहिरात पूर्ण गेली आणि विक्री येथेच थांबली, तर दीड लाखाची सीमा ओलांडली जात होती. म्हणून सकाळी दुकान दादांवर सोडून निघालो आणि पाच-पाच हजारांच्या लहान जाहिराती मागायला सुरुवात केली. मोटारसायकलचे गॅरेज, रोपवाटिका, बेकरी, होडीच्या इंजिनांची दुरुस्ती करणारे, अशा माणसांनी त्या दिल्या आणि जागेवरच पैसे दिले. ८०,००० चा आकडा १८ तारखेला पुरा झाला. अनेक लहान जाहिरातदार हे एका मोठ्यापेक्षा अधिक भरवशाचे असतात, असे माझे मत झाले आहे. शिवाय त्यांची घरची माणसे तिकिटे काढून नाटकालाही येतात.

फुकट पासाचा विषय नाजूक आहे. रोज कोणी ना कोणी पास मागत होते, आणि त्यांत ज्यांच्याशी उद्याही काम पडणार अशी माणसे होती. मी सर्वांना एकच उत्तर दिले की पास छापलेलेच नाहीत, माझ्या आईचेही तिकीट काढलेले आहे. ते खरे होते. दोन जण रागावले. पण ५०० रुपये देऊन आलेल्या माणसाच्या शेजारी फुकट आलेला माणूस बसला की पुढच्या वेळी दोघेही फुकट मागतात, आणि मग कोणत्याही गावात नाटक उभे राहत नाही.

शेवटच्या चार दिवसांत चित्र बदलले. पडेल, मिठबाव आणि कुणकेश्वर येथून एकगठ्ठा चौकशा आल्या. मच्छीमार वस्तीतल्या एका बचत गटाने ३५० रुपयांची पूर्ण रांग घेतली. लांबच्या गटांना मी एसटीच्या प्रासंगिक कराराची, म्हणजे अख्खी गाडी भाड्याने घेण्याच्या सोयीची, माहिती दिली. एका गटाने तशी गाडी केली आणि बाकीचे टेंपो ट्रॅव्हलरने आले. परतीच्या वाहनाची सोय सांगितली की तिकीट विकले जाते, हे मी या दिवसांत पाहिले.

मंडपाचे काम बुधवारी सुरू झाले. ३० बाय २४ फुटांचा रंगमंच, तिन्ही बाजूंनी कनात आणि खुर्च्या, मिळून ६२,००० रुपये. गुरुवारी दुपारी अडीचला बस आली. नेपथ्य लावणाऱ्या मंडळींतल्या प्रमुखाने रंगमंचावर उभे राहून प्रथम वाऱ्याकडे पाहिले. दुपारचे खारे वारे पश्चिमेकडून भरून येत होते आणि रंगमंचामागची कनात शिडासारखी फुगत होती. तो म्हणाला, "शेठ, हे कापड असंच राहिलं तर संध्याकाळी फ्लॅट आडवे होतील आणि माइकमध्ये नुसती फडफड ऐकू येईल." फ्लॅट म्हणजे नेपथ्याच्या उभ्या चौकटी. कापडातून वारा जायला वाट हवी होती. माझ्या दुकानात रोपवाटिकांसाठी लागणारी हिरवी शेडनेट असते. तिचा एक गुंडाळा आणून पश्चिमेची कनात उतरवली आणि जाळी दुहेरी करून बांधली. वारा तिच्यातून गाळून येऊ लागला, फडफड थांबली, आणि पुढे काळा पाठपडदा असल्यामुळे प्रेक्षकांना ती दिसलीही नाही. किनाऱ्यावर मैदानात प्रयोग लावणाऱ्यांनी ही जाळी आधीच आणून ठेवावी.

खुर्च्यांचेही सांगण्यासारखे आहे. प्लॅस्टिकच्या सुट्या खुर्च्या माणसे उचलून पुढे नेतात आणि मग क्रमांकाला अर्थ उरत नाही. म्हणून पाच-पाच खुर्च्यांचे मागचे पाय सुतळीने एकत्र बांधले. क्रमांकाच्या चिठ्ठ्या खळीने न चिकटवता रुंद पारदर्शक चिकटपट्टीखाली ठेवल्या, कारण जानेवारीत सूर्य मावळला की दव पडू लागते. प्रत्येक रांगेला एक स्वयंसेवक आणि त्याच्याकडे एक कोरडे फडके दिले. शाळेची स्वच्छतागृहे दुपारीच धुऊन घेतली, पाण्याची टाकी भरून घेतली आणि त्या वाटेवर दिवे लावले. ही व्यवस्था नसेल तर बायका मध्यंतरानंतर परत बसत नाहीत, घरी जातात.

सात वाजून पाच मिनिटांनी तिसरी घंटा झाली. माझी जागा तिकीट तपासणीच्या टेबलाजवळ होती, तेथून रंगमंच तिरका दिसत होता. पहिल्या अंकात मी नाटक पाहिले नाही. प्रेक्षकांचे चेहरे आणि जनरेटर यांच्याकडेच लक्ष होते. दुसऱ्या अंकात वीज गेली. जनरेटरवर येईपर्यंत मिनिटभर अंधार होता. रंगमंचावर आई आणि मुलगा यांचा प्रवेश चालू होता. दोघे कलाकार जेथे होते तेथेच थांबले, आणि इतक्या माणसांतून कोणी शिटी मारली नाही, कोणी उठले नाही. दिवे आले तसे त्यांनी तेच वाक्य पुन्हा सुरुवातीपासून घेतले. जनरेटरचे १२,००० रुपये खर्चात लिहिताना मला जड गेले होते. ते कोणी वाचवू नयेत. प्रयोग दहाला दहा मिनिटे कमी असताना संपला.

आई तिसऱ्या रांगेत होती. घरी आल्यावर ती रात्री उशिरापर्यंत त्या नाटकातल्या सासूची बाजू घेऊन माझ्या पत्नीशी वाद घालत होती.

आता शेवटचा हिशेब. ५०० ची १९०, ३५० ची २६२ आणि २०० ची सर्व ३०० तिकिटे गेली. त्याचे २,४६,७०० रुपये झाले. जाहिरातींचे कर वगळून ८०,०००. एकूण जमा ३,२६,७००. खर्चात नाट्यसंस्था करासह १,६५,२००, मंडप ६२,०००, ध्वनी व प्रकाशाचे स्थानिक साहित्य २८,०००, मुक्काम-जेवण २२,०००, छपाई, फलक व रिक्षा १४,०००, जनरेटर १२,०००, स्वयंसेवकांचे जेवण व सफाई ९,०००, सार्वजनिक दायित्वाचा विमा ७,०००, वीजजोडणी ६,००० आणि मैदानाचे भाडे ५,०००. तूट ३,५०० रुपये. दादांनी वही पाहिली, आकडे पुन्हा जोडून पाहिले आणि "बरा झाला" एवढेच म्हणाले. माझ्या श्रमांचे मोल मी यात धरलेले नाही, आणि हा धंदा म्हणून पाहायचा झाल्यास ते धरावे लागेल.

मैदानाची १०,००० रुपयांची अनामत सफाई पाहून चार दिवसांत परत मिळाली. वीजजोडणीची अनामत मार्चमध्ये खात्यावर आली. त्यासाठी जोडणी बंद केल्याचा अर्ज वेगळा द्यावा लागतो, आपोआप काही होत नाही. जाहिरातींवरचा कर त्या महिन्याच्या विवरणपत्रात भरला.

एप्रिलमध्ये नाट्यसंस्थेच्या व्यवस्थापकांचा पुढच्या हंगामातल्या दौऱ्यासाठी फोन आला. मी त्यांना ठोक रकमेऐवजी दुसरा प्रस्ताव दिला : ९०,००० रुपये ठरलेले आणि वर तिकीटविक्रीत ठराविक वाटा, म्हणजे विक्री कमी झाली तर भार दोघांवर पडेल आणि चांगली झाली तर त्यांनाही अधिक मिळेल. टक्केवारीवर अजून बोलणे चालू आहे, पण तत्त्व त्यांनी मान्य केले आहे. पुन्हा गुरुवारच मागितला आहे. तारीख तुळशीच्या लग्नानंतर, जत्रांची यादी हाती आल्यावर ठरेल.